टाळी न घेणारा माणूस

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

विनोदी भूमिका करणारा नट रंगमंचावर सगळ्यांत जास्त कशाला भितो, असं कोणी विचारलं तर मी एका शब्दात सांगेन, शांततेला. वाक्य विसरलं तर निभावून नेता येतं. समोरच्याची एन्ट्री चुकली तर दोन शब्द पदरचे घालून वेळ मारून नेता येते. पण जिथे हशा पिकायला हवा तिथे तो पिकला नाही, की पायाखालची फळी सरकल्यासारखी वाटते. मी हौशी रंगभूमीवर बरीच वर्षं विनोदी कामं केली. त्यामुळे हे ऐकीव नाही, अंगावरून गेलेलं आहे. आमच्यातला प्रत्येक जण हशाच्या ठरलेल्या जागांवर नजर ठेवून नाटकभर धावत असतो. एक जागा गेली की पुढची कशी मिळवायची याचाच विचार डोक्यात.

आज ज्या माणसाविषयी बोलायचं आहे, तो या शांततेत मुद्दाम जाऊन उभा राहायचा आणि तिथून लवकर बाहेर यायचाच नाही. त्याचं नाव अँडी कॉफमन. आपल्यापैकी काहींनी १९९९ सालचा ‘मॅन ऑन द मून’ हा चित्रपट पाहिला असेल. मिलोश फोरमन यांचं दिग्दर्शन आणि जिम कॅरीची मुख्य भूमिका. तो या कॉफमनच्याच आयुष्यावरचा. चित्रपट चांगला आहे, पण मला त्याहून त्या माणसाच्या जुन्या कार्यक्रमांच्या चित्रफितीच जास्त बोलक्या वाटतात. कारण त्यांत प्रेक्षकांचे चेहरे दिसतात. हसावं की उठून जावं, हे ज्यांना कळत नाहीये असे चेहरे.

अँडीचा जन्म १७ जानेवारी १९४९चा, न्यूयॉर्कमधला. बालपण शहराजवळच्या ग्रेट नेक या गावात, सुखवस्तू ज्यू कुटुंबात गेलं. मुलगा एकलकोंडा. आपल्या खोलीच्या भिंतीत कॅमेरा बसवलेला आहे असं समजून तो तासन् तास एकटाच कार्यक्रम करत बसायचा. पुढे शेजारपाजारच्या मुलांच्या वाढदिवसांना जाऊन गाणी, गोष्टी, जादूचे प्रयोग करू लागला. हे लक्षात ठेवायला हवं, कारण मोठेपणी त्याने जे केलं ते बव्हंशी वाढदिवसाचंच होतं. फक्त समोर मुलांऐवजी दारूचे पेले घेऊन बसलेली मोठी माणसं होती. बॉस्टनच्या एका लहानशा कॉलेजात त्याने टेलिव्हिजनचं शिक्षण घेतलं. त्याच काळात तो महर्षी महेश योगींच्या भावातीत ध्यानाकडे वळला आणि ते शिकवण्याइतका त्यात मुरला. आपला बुजरेपणा ध्यानाने गेला असं तो सांगायचा. विनोदवीर आणि दिवसातून दोनदा डोळे मिटून बसणारा, ही जोडी आपल्याला जरा गमतीची वाटते. पण ती शांतता सहन करण्याची ताकद त्याने तिथूनच मिळवली असावी, असा माझा आपला अंदाज आहे.

१९७०च्या दशकाच्या सुरुवातीला न्यूयॉर्कच्या ‘इम्प्रॉव्ह’ या क्लबमध्ये तो उभा राहू लागला. अशा क्लबात एकामागून एक विनोदवीर येतात, माइक हातात घेऊन एकट्याने किस्से सांगतात. त्यात एके रात्री हा येतो. उंच गळ्याचा सदरा, वर कोट, भेदरलेले डोळे. उच्चार कुठल्यातरी परक्या देशाचे. आपण कॅस्पियन समुद्रातल्या ‘कॅस्पियार’ नावाच्या बेटावरून आलो म्हणतो. असं बेट कुठेही नाही. मग तो विनोद सांगतो आणि त्याचा शेवटच चुकवतो. नकला करतो म्हणतो आणि एकेका प्रसिद्ध माणसाचं नाव घेऊन त्याच भेदरलेल्या आवाजात दोन वाक्यं बोलतो. सगळ्या नकला एकसारख्या. लोक आधी कनवाळूपणे हसतात, मग ओशाळतात. काही जण चुळबुळ करायला लागतात. हा बिचारा खरोखरीचाच परदेशी आहे, याला कोणीतरी खाली उतरवा, असं त्यांना वाटू लागतं. त्याच्या डोळ्यांत पाणी आल्यासारखं होतं. आणि मग तो म्हणतो, आता एल्व्हिस प्रेस्लीची नक्कल. पाठ फिरवतो, केसांवरून कंगवा फिरवतो, कोट बदलतो, गिटार घेतो. वळतो तेव्हा समोर साक्षात एल्व्हिस असतो. आवाज, ओठांची ती वाकडी मुरड, कमरेची लचक, सगळं चोख. क्लब डोक्यावर घेतात लोक. गाणं संपतं, तो वाकतो आणि पुन्हा त्याच भेदरलेल्या आवाजात ‘थँक यू व्हेरी मच’ म्हणून निघून जातो.

नटाच्या नजरेने पाहिलं तर यातली मेहनत थक्क करणारी आहे. वाईट नक्कल इतक्या बेमालूम वाईटपणे करायची, की ती करणाऱ्याला चांगली येत असेल अशी शंकासुद्धा येऊ नये. आणि ते दहा-दहा मिनिटं ताणायचं. आमच्या तालमीत कोणी एवढा पॉज घेतला असता तर विंगेतून आवाज आला असता, “अरे, बोल बाबा!”

पण एल्व्हिसमुळे प्रेक्षकाला निदान शेवटी मोबदला मिळत होता. पुढे अँडीने तोही काढून घेतला. एका कार्यक्रमात तो ब्रिटिश धाटणीचे उच्चार करत ‘द ग्रेट गॅट्सबी’ ही कादंबरी हातात घ्यायचा आणि पहिल्या पानापासून वाचायला लागायचा. लोक हसायचे, आता काहीतरी होईल म्हणून वाट बघायचे. काहीही व्हायचं नाही. तो वाचत राहायचा. आरडाओरडा सुरू झाला की विचारायचा, पुढे वाचू की तबकडी लावू? लोक ओरडायचे, तबकडी! तो तबकडी लावायचा. तिच्यातून त्याचाच आवाज यायचा, कादंबरी पुढे वाचणारा.

११ ऑक्टोबर १९७५ हा त्याच्या कारकिर्दीतला मोठा दिवस. पुढे ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’ या नावाने जगभर गाजलेल्या कार्यक्रमाचा तो पहिला भाग, थेट प्रक्षेपण. अँडी एका रेकॉर्ड प्लेअरशेजारी उभा राहतो. ‘मायटी माउस’ या लहान मुलांच्या कार्टूनचं शीर्षकगीत सुरू होतं. तो नुसता उभा. हात कुठे ठेवावेत कळत नाही, नजर इकडेतिकडे. गाण्यात ती एक ओळ येते, ज्यात तो उंदीर मी संकटातून सोडवायला आलो असं सांगतो. फक्त तेवढ्याच ओळीला अँडी हात उंचावून ऐटीत ओठ हलवतो. ओळ संपली की पुन्हा अवघडलेला. मधल्या संगीतात पेलाभर पाणी पितो. दुसऱ्यांदा ती ओळ यायच्या आधी त्याचा हात चुकून लवकर वर जातो आणि तो तो खाली घेतो. बस्स, एवढंच. यात विनोद सांगितलेला नाही, कोणाची टिंगल नाही, एक शब्द स्वतःचा नाही. शाळेच्या स्नेहसंमेलनात आपली ओळ कधी येते म्हणून जीव मुठीत धरून उभं असलेलं पोर आपण सगळ्यांनी पाहिलेलं असतं. कदाचित आपण तेच पोर असतो. मला त्याचं सगळ्यांत आवडतं काम विचाराल तर हे.

त्यानंतर पैसा आला. १९७८ ते १९८३ या काळात ‘टॅक्सी’ या मालिकेत त्याने लॅटका नावाचा मेकॅनिक केला. म्हणजे तोच भेदरलेला परदेशी, पण गोड करून आठवड्याच्या रतिबाला लावलेला. मालिका लोकप्रिय झाली, त्याला मात्र तिचा कंटाळा होता. मालिकेत काम चालू असतानाच तो एका उपाहारगृहात टेबलं पुसण्याची, खरकटं उचलण्याची नोकरी करत असे. गिऱ्हाईकं म्हणायची, तुम्ही त्या लॅटकासारखे दिसता हो. शिवाय त्याने टोनी क्लिफ्टन नावाचा एक गायक उभा केला. पोट सुटलेला, गॉगल लावलेला, बेसूर गाणारा आणि श्रोत्यांना शिव्या घालणारा. क्लिफ्टन म्हणजे मी नव्हे, असं अँडी शपथेवर सांगायचा. त्याचा मित्र आणि साहाय्यक बॉब झ्मुडा कधीकधी क्लिफ्टनचं सोंग घ्यायचा, म्हणजे दोघं एकाच वेळी दिसायची सोय.

श्रोतेहो, सोंग आपल्याला नवं नाही. बहुरूपी आपल्याकडे दारोदार येत आला आहे. पोलिसाच्या वेषात येतो, दरडावतो, वॉरंट काढतो, घरातल्या पोरांची पाचावर धारण बसवतो. पण शेवटी तो हसून हात पुढे करतो. त्या पुढे केलेल्या हातात सगळा करार असतो. मी तुम्हाला फसवलं, तुम्ही फसलात, आता द्या काय ते बक्षीस. नाटकातही तेच. पडदा पडल्यावर खलनायक आणि नायक हातात हात घालून वाकतात, टाळी घेतात. आपण निर्धास्त घरी जातो. अँडी कॉफमनने काय केलं, तर तो हात पुढे करायचंच सोडून दिलं. सोंग कुठे संपलं हे त्याने सांगितलं नाही, आणि म्हणून ते संपलंच नाही. त्याचं मोठेपण त्यात आहे आणि त्याची शोकांतिकाही त्यातच आहे, असं मला वाटतं.

त्याच्यात प्रेक्षकांबद्दल माया नव्हती असं मात्र कोणी समजू नये. २६ एप्रिल १९७९ रोजी न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉलमध्ये त्याचा कार्यक्रम झाला. रंगमंचाच्या कडेला खुर्चीवर त्याने आपल्या ‘आजी’ला बसवलं होतं. ती कार्यक्रमभर बसून होती. शेवटी आजीने मुखवटा काढला, तर आत रॉबिन विल्यम्स! मग अँडीने जाहीर केलं, की सगळ्यांनी आता दूध-बिस्किटं खायला चलायचं. लोकांना वाटलं गंमत आहे. बाहेर वीसेक बसगाड्या खरोखर उभ्या होत्या. तो सगळ्यांना घेऊन गेला आणि दूध-बिस्किटं खाऊ घातली. ज्यांना अजून पुढे हवं आहे त्यांनी उद्या स्टेटन आयलंडच्या फेरीबोटीवर या, असंही सांगितलं. काही जण गेले आणि तिथे तो होता. वाढदिवसाच्या पार्टीत पाहुण्यांना खाऊ दिल्याशिवाय सोडायचं नसतं, हे तो विसरला नव्हता.

आणि तरीही त्याच सुमाराला त्याने बायकांशी कुस्ती खेळायला सुरुवात केली. मला चीतपट करणाऱ्या बाईला हजार डॉलर, असं आव्हान तो द्यायचा. वर बायकांची जागा स्वयंपाकघरात, असलं काहीबाही बोलून प्रेक्षकांना चिडवायचा. स्वतःला ‘आंतरलिंगी कुस्तीचा जगज्जेता’ म्हणवायचा. तो लहानपणापासून अमेरिकी कुस्तीतल्या खलनायकांचा भक्त होता, ज्यांना बघून हजारो लोक दात-ओठ खातात अशा मल्लांचा. तसा मल्ल त्याला व्हायचं होतं. त्याचे चाहते म्हणतात, तो पुरुषी अहंकाराचंच विडंबन करत होता. असेलही. पण विडंबन आहे हे ज्यांना कळलं नाही त्यांनी ते वाक्य तसंच घरी नेलं, आणि जिंकण्यासाठी कुस्ती खेळणाऱ्या बायकांना तो खरोखरच पाडत होता. मला हा भाग आवडत नाही. गॅट्सबी वाचताना तो एकटा पणाला लागलेला असायचा. इथे दुसऱ्याला खर्ची घातलं जात होतं.

या कुस्तीपायी तो मेम्फिस शहरात पोचला. तिथला लाडका पहिलवान जेरी लॉलर याने त्याला पुरुषाशी लढ म्हणून ललकारलं. अँडीने मेम्फिसकरांसाठी चित्रफिती करून पाठवल्या. त्यात तो त्यांना साबण कसा वापरायचा ते शिकवत होता. शहर पेटलं. ५ एप्रिल १९८२ला सामना झाला. लॉलरने त्याला उलटा धरून डोक्यावर आदळलं. हा डाव तिथे निषिद्ध होता, म्हणून लॉलर बाद ठरला आणि अँडी स्ट्रेचरवर झोपून विजयी झाला. त्यानंतर तो गळ्याला पट्टा बांधून हिंडू लागला. २८ जुलैला दोघं डेव्हिड लेटरमनच्या कार्यक्रमात आले. बोलता बोलता लॉलरने उठून त्याच्या अशी थोबाडीत दिली, की तो खुर्चीवरून खाली पडला. अँडीने शिव्यांची लाखोली वाहिली आणि लॉलरच्या अंगावर कॉफी फेकली. सगळ्या देशाने ते पाहिलं.

आपल्याकडे आधी ठरवून खेळलेल्या कुस्तीला नुरा कुस्ती म्हणतात. ही नुरा कुस्ती होती. दोघं आतून मित्र होते. पण ते उघड व्हायला १९९०चं दशक उजाडलं, आणि तोवर अँडी हयात नव्हता. विचार करा. गळ्याचा पट्टा काढून ‘कशी गंमत केली’ म्हणायची इच्छा कोणाला झाली नसती? मला तर दुसऱ्या दिवशीच झाली असती. त्याने ती टाळी कधीच घेतली नाही.

प्रेक्षकांनी मात्र आपलं मत दिलं. २० नोव्हेंबर १९८२ला ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’ने दूरध्वनीवरून कौल घेतला, की या माणसाला ठेवायचं की कायमचं काढायचं. ठेवा म्हणणारे १,६९,१८६. काढा म्हणणारे १,९५,५४४. ज्या रंगमंचावर सात वर्षांपूर्वी तो उंदराचं गाणं घेऊन उभा राहिला होता, तिथे तो पुन्हा थेट कधीच आला नाही. कौल घेण्याच्या कल्पनेत त्याचाही हात होता, पण आकडे खरे होते. १९८३ साली ‘टॅक्सी’ संपली. त्याच वर्षी ब्रॉडवेवर एक कुस्तीचं नाटक केलं, ते उघडलं त्याच दिवशी बंद पडलं.

त्या वर्षाच्या अखेरीस त्याला खोकला लागला, तो जाईना. तपासणीत फुप्फुसाचा कर्करोग निघाला. वय चौतीस. सिगारेट न ओढणारा, शाकाहाराकडे झुकलेला, ध्यान करणारा माणूस. हे बाहेर कळू लागलं तेव्हा लोकांनी काय करावं? जे इतकी वर्षं त्यानेच त्यांना शिकवलं होतं तेच केलं. ते हसले. आता नवीन काय काढलंय याने, म्हणाले. जवळच्या काही जणांनाही आधी खरं वाटेना. मार्च १९८४मध्ये तो आपल्या एका चित्रपटाच्या खेळाला आला तेव्हा अंगाने पार वाळला होता आणि डोक्यावर मधोमध केसांचा तुरा ठेवला होता. ते सोंग की आजार, हे पाहणाऱ्यांना ठरवता आलं नाही. त्याच महिन्यात तो फिलिपिन्सला गेला. तिथे काही लोक शस्त्र न वापरता नुसत्या बोटांनी पोटातून रोग काढतो म्हणतात. ही शुद्ध हातचलाखी असते. लपवलेले कोंबडीचे तुकडे, रक्त आणि चपळ बोटं. लहानपणी जादूचे प्रयोग करणारा हा माणूस तिथे टेबलावर झोपला होता, आणि त्याला ते खरं असायला हवं होतं.

१६ मे १९८४ रोजी लॉस एंजेलिसच्या रुग्णालयात तो गेला. पस्तीस वर्षं आणि चार महिने.

तरी ते सोंग थांबेना. वर्षभराने त्याच्या स्मरणार्थ झालेल्या कार्यक्रमात टोनी क्लिफ्टन गाऊन गेला. मग तो जिवंतच आहे, अशी हूल उठली. ती चार दशकांत अधूनमधून उठतच राहिली. २०१४ साली झ्मुडाने पुस्तक लिहून हे मरण नाटक होतं असा दावा केला. त्याआधी, २०१३च्या नोव्हेंबरमध्ये अँडीच्या नावाच्या पुरस्कारांच्या समारंभात त्याचा धाकटा भाऊ मायकेल रंगमंचावर आला आणि चोवीस वर्षांची एक तरुणी पुढे झाली. माझे वडील जिवंत आहेत, म्हणाली. हिशेब केला तर तिचा जन्म त्याच्या मृत्यूनंतरचा. ती अभिनेत्री असल्याचं दोन-चार दिवसांत बाहेर आलं. मायकेलने नंतर सांगितलं, की कोणीतरी आपल्यालाच फसवलं असावं. लोकांना गंमत वाटली. मला त्या भावाचं वाटलं. तेव्हा त्याचे वडील जाऊन काही महिनेच झाले होते. भाऊ खरोखर मेला आहे, एवढी साधी गोष्टही त्याला जगाकडून कबूल करून घेता येत नव्हती. आणि मनाच्या एका कोपऱ्यात ती त्यालाही पुरती पटली नसावी.

अँडीच्या चरित्रात त्याच्या आजोबांची एक हकिगत आहे. आईच्या वडिलांवर त्याचा फार जीव होता. तो लहान असतानाच ते वारले. मुलाला धक्का बसू नये म्हणून घरच्यांनी सांगितलं, की आजोबा प्रवासाला गेले आहेत. त्याने ते खरं मानलं. जाताना आपल्याला का सांगितलं नाही, हे त्याला कळेना. पुढे कितीतरी दिवस तो पोरगा खिडकीशी उभा राहून रस्त्याकडे बघत असे.